घंटेचे चौदा टोले

एका राज्यात हिवाळा आला, तो जाईचना. खाली गाव, वर पाठशाळा, मधे खिंड. आणि खिंडीतल्या चौकीत एकटी राहायची म्हातारी मृगांका. बर्फामुळे उद्या पाठशाळा बंद राहण्याचा संभव किती, हे सोळा आण्यांत सांगणं तिचं काम. दिवेलागणीला ती घंटा वाजवी: जितके आणे, तितके टोले. आठाच्या वर गेले की मुलं घरी. सोळा मात्र कधी वाजवायचे नाहीत, असा दंडक. उद्याचं पुरतं कुणाला कळलंय?

शाळेला जाणारं प्रत्येक मूल तिच्या उंबऱ्यावर एक काटकी ठेवी, दोन शब्द बोले. तेवढीच तिची ऊब, तेवढीच तिची माणसं. शाळा बंद, तर चूल गार आणि घर मुकं.

हा हिवाळा एका मांत्रिकाने धाडलेला. त्याला चौकी हवी होती, मृगांकेने दिली नाही. जाताना तो शापून गेला, "तुझी घंटा तुझ्या मनाविरुद्ध वाजेल, तेव्हाच हा बर्फ हटेल." बिचारीला वाटलं, घंटा कधीतरी आपली आपणच वाजणार. ती भलत्याच वेळी वाजून मुलं घरी बसतील, या भीतीने मृगांका तिला घट्ट धरून असे.

आणि खरं सांगायचं तर ती हळूहळू लबाडी करू लागली. नऊचे आठ, दहाचे सात. मुलं येत राहिली. काल मात्र चिमुकली चित्रांगी कमरेइतक्या बर्फात रुतली. थोरल्यांनी ओढून काढली तेव्हा ओठ निळे पडलेले. तरी मुठीतली काटकी तिने उंबऱ्यावर ठेवलीच. बाकीच्या काटक्या रात्री जळल्या, तेवढी मृगांकेने मागे ठेवली.

आज तिने नेहमीच्या तीन पारखी केल्या. मिठाला पाणी सुटलं होतं. धूर जमिनीवर लोळत होता. छपरावरच्या भारद्वाजाला विचारलं, तो म्हणाला, "बर्फ." आकडा सरळ होता, चौदा. घरात सरपण म्हणाल तर चित्रांगीची एक काटकी.

तेवढ्यात मांत्रिक दारात उभा. मोठ्या मायेने सांगू लागला की चारच टोले दे, मुलं येतील, चूल पेटेल, उद्या कुणीतरी तुला हाक मारील.

मृगांकेने चार टोले दिले. हात थांबला.

"हवा किती सांगते, मृगांके?" भारद्वाजाने विचारलं. "आणि मन किती?"

"मनाचं विचारू नकोस," ती म्हणाली, आणि रडत रडत उरलेले दहा वाजवले. पंधरावा दिला नाही. मांत्रिकाचा धूर झाला आणि वाऱ्याने नेला. ती काटकी काही तिच्याने जाळवेना. तशीच गारठून पडून राहिली.

सकाळी दार ढकललं तर लख्ख ऊन! छपरावरून पाणी गळत होतं. अंदाज साफ चुकला होता. वाट मोकळी, पण पाठशाळा बंद. आज इकडे कोण कशाला फिरकेल? उंबऱ्यावर बसून तिला भडभडून आलं.

तोच खालून गलका उठला. सुट्टी मिळालेली अख्ख्या गावची मुलं उन्हात धावत वर येत होती. पुढे चित्रांगी, हातात काटकी.

"मृगांकाआजी, तुमची घंटा चुकली."

"चुकली गं. दोन आणे उरले होते, तेच खरे झाले."

चित्रांगीने जरा विचार केला. "मग आज शाळा नाही. आम्ही इथंच राहू?"

मृगांका बाजूला सरली आणि तिने दार उघडं धरलं.

पुढे त्या राज्यात ऋतू ज्याच्या त्याच्या वेळेला येऊ लागले, घंटा खरी वाजू लागली. मृगांकेची चूल पेटली, तशी ऐकणाऱ्यांची पेटती राहो.