अकरा दिवस बसमध्ये

यंत्राच्या म्हणण्यानुसार धुरपदा गेले अकरा दिवस बसमध्येच बसून होती!

प्रत्यक्षात ती अकरा दिवस पायी चालत होती. डोक्यावर मोड आलेल्या मटकीची टोपली, पायात झिजलेल्या वहाणा आणि तोंडाने स्वतःच्याच नावाने शंख. कारण चूक तिचीच होती. हिंगणपूरच्या राजाने शहरात बस सुरू केल्या, घरटी एक कार्ड वाटलं आणि नियम केला: चढताना कार्ड यंत्राला टेकवायचं आणि उतरतानाही टेकवायचं. धुरपदा चढताना न चुकता टेकवायची. उतरताना मात्र टोपली सावरण्यात तिचं भान जायचं; कुणीतरी आठवण करायचं म्हणून निभायचं. एकदा तर तिने कार्ड मटकीबरोबर तागडीत घालून गिऱ्हाइकाला तोलून दिलं होतं!

"देवानं डोकं दिलं ते टोपली ठेवाया," ती स्वतःच म्हणायची. "आत काय घालायचं ते राहूनच गेलं त्याचं. देव बी माझ्यावानीच इसराळू!"

अकरा दिवसांपूर्वी कुणी आठवण केली नाही आणि ती न टेकवताच उतरली. दुसऱ्या दिवशी बसमध्ये चढायला गेली, तर यंत्राचा दिवा लाल!

कंडक्टर म्हणाला, "मावशी, तुम्ही कालच्या बसमधून उतरलाच नाहीत. मग या बसमध्ये कशा चढणार?"

"आरं, मी तुझ्याम्होरं उभी हाय की!"

"ते मला दिसतंय. यंत्राला दिसत नाही ना!"

तेव्हापासून तिची पायपीट सुरू झाली. चार कोस चालून मंडईत पोचेपर्यंत मटकी उन्हाने सुकून जायची, आणि सुकलेली मटकी कोण घेणार? आणखी आठवडाभर असंच चाललं असतं तर धंदाच बसला असता. शेवटी धुरपदाने टोपली उचलली आणि तडक दरबार गाठला.

महाराज चंडकेतू यंत्राच्या बाबतीत भलतेच हट्टी होते. साता समुद्रापलीकडून त्यांनी ते स्वतः निवडून आणवलं होतं.

"आमचं यंत्र चुकत नाही!" ते गरजले.

"व्हय महाराज, चुकले ती मीच. चुकन्यात माझा हात कुनी धरनार न्हाई! पर मी उतरले तर हाय ना?"

"मग सिद्ध कर! साक्षीदार चालणार नाहीत, माणसं खोटं बोलतात. आणि यंत्र खोटं आहे असं एका शब्दानेही म्हणायचं नाही. म्हटलंस, की कार्ड कायमचं जप्त!"

दरबारात कुजबुज झाली. यंत्र म्हणतं बाई बसमध्ये आहे. यंत्र खरं. तरी बाई उतरली, हे सिद्ध व्हायचं कसं?

धुरपदा डोकं खाजवू लागली. अक्कल चालवायची, तर आधी ती कुठे ठेवलीय ते आठवायला हवं! तेवढ्यात महाराजांनी इकडेतिकडे चाचपत प्रधानांना विचारलं, "विसाजीपंत, आमचा चष्मा कुठे गेला?"

"नाकावर आहे, महाराज."

धुरपदाच्या जिवात जीव आला. अगं बया, हा तर आपल्याच पंगतीतला! विसराळू माणसाला विसराळू माणूस बरोबर ओळखू येतो.

"महाराज," ती गोड आवाजात म्हणाली, "तुमच्याकडं बी कार्ड आसंल की?"

"म्हणजे काय! पहिलं कार्ड आमचंच. पहिल्या बसमधून राजवाड्यापासून मंडईपर्यंत आम्ही स्वतः गेलो. सनई-चौघडे वाजत होते! कार्ड कसं टेकवायचं, ते प्रजेला आम्हीच दाखवलं!"

"आन् उतरताना?"

महाराज आठवू लागले. उतरताना गळ्यात हार पडत होते, सुवासिनी ओवाळत होत्या, दोन्ही हात नमस्कारात गुंतले होते.

"टेकवलंच असेल," ते चाचरत म्हणाले. "पंत, यंत्र आणा!"

यंत्र आलं. पंतांनी महाराजांचं कार्ड टेकवलं. लाल! पंत वाचू लागले आणि त्यांचा आवाज बारीक होत गेला.

"कार्ड क्रमांक एक. सात नंबरची बस. राजवाड्याला चढले. तीन महिने झाले. प्रवास... प्रवास चालू आहे."

धुरपदाने पदर खोचला, टोपली डोक्यावर घेतली आणि सिंहासनाकडे पाठ करून चालू लागली.

"अगं ए! कुठे निघालीस?"

"बसथांब्यावर! माझं गाऱ्हानं महाराजांम्होरं मांडायचं हाय, आन् महाराज तर सात नंबरच्या बसमंदी बसल्यात. यंत्र म्हनतंय, आन् यंत्र चुकत न्हाई!"

"मग आम्ही कोण?" महाराज ओरडले.

"ते माझ्यासारख्या रिकाम्या डोक्याच्या बाईनं काय सांगावं? दिसता तर हुबेहूब महाराजांवानी! पर तुमी महाराज नसाल, तर तुमचा हुकूम मी कशापायी ऐकू? आन् खरंच महाराज आसाल, तर बसमधनं उतरला आसनारच. तुमी जसं उतरला, तशीच मी बी उतरले!"

महाराजांनी डोळे वटारले. मिश्या थरथरल्या. आणि मग महाराजांना असं काही हसू फुटलं, की पोट धरून ते सिंहासनावर आडवेच झाले!

"तीन महिने!" डोळे पुसत ते म्हणाले. "तरीच आमच्या हुकमाला कुणी भीक घालत नाही. आम्ही इथे नव्हतोच की! पंत, लिहा. आजपासून समोर उभ्या असलेल्या माणसाला बसमध्ये घ्यायचं, यंत्र काही म्हणो. सात नंबरच्या बसची पुढची जागा धुरपदेची आणि तिच्या टोपलीची, कार्डाशिवाय, जन्मभर! आणि ती बस आत्ता बोलवा. आम्हाला एकदाचं उतरायचंय! धुरपदे, तूही चल. उतरताना आम्हाला कार्डाची आठवण कर."

"आठवन कराया मला नेताय?" धुरपदाने कपाळावर हात मारला. "मग झालंच, महाराज! आज आपुन दोघं बी उतरायचंच इसरून शेवटच्या थांब्याला पोचतोय!"

महाराज पुन्हा हसत सुटले आणि हसत हसतच टोपलीच्या मागोमाग बसथांब्याकडे निघाले.