यवनाचे तुटके बोट

तळ्याच्या तोंडावरचा हा धोंडा नीट पाहा. त्यावर उजवा हात कोरलेला आहे आणि तर्जनीचे वरचे पेर नाही. पाहुण्यांना वाटते, ते झिजले. ते मुळात कोरलेच नाही.

सातवाहनांच्या काळात, असे सांगतात, इथला बांध दरवर्षी फुटे. बांधाच्या तोंडावर हा धोंडा बसला नाही तर पाण्यावाचून गाव उठणार होते. नागाई नावाच्या म्होरकीने नवस केला, धोंडा बसेपर्यंत चूल पेटवणार नाही. अडचण एकच होती. वरची आळी आपल्या हाकेवर ओढी, खालची आपल्या. धोंडा चढावरून पुन्हा खाली येई. दोन्ही आळ्यांची अब्रू मात्र जागची हलत नसे.

घाटाने थेवन नावाचा यवन, म्हणजे ग्रीक, व्यापारी चालला होता. नागाईने त्याला अडवले.

"तू कोणत्या आळीचा?"

"कोणत्याच नाही."

"मग हाक तू दे."

थेवनाने बोट वर केले. खालचे पेर लांब, वरची दोन आखूड. तशीच एक लांब ओढ, दोन आखूड. डाव्या हाताची चार बोटे, मग उजव्याचे मधले आणि शेवटी तर्जनी, अशा सहा बोटांची एक ओळ. अंगठ्याला पेरे कमी, म्हणून तो वगळला. त्याच्या देशात वीरांच्या कथा याच मापात गात आणि त्या मापाला नावही बोटाचेच होते म्हणे.

वरच्या आळीचा पोढा म्हणाला, "हा बोट दाखवणार आणि आम्ही ओढणार. असे गावात आधीच पुष्कळ आहेत." तरी त्याने दोर धरला, कारण बोट खालच्या आळीचे नव्हते.

धोंडा चढू लागला. पण ओळीला लागून ओळ येई, पाचर ठोकायला उसंत मिळेना. माथ्याजवळ माणसे दमली, धोंडा घसरला. थेवनाने दोराला हात घातला आणि त्या ताणात त्याच्या उजव्या तर्जनीचे वरचे पेर तुटले.

"थांबू या का?" नागाईने विचारले.

"नाही."

त्याने पुन्हा बोटे धरली. पाच बोटे पुरी झाली. सहाव्याला लांब, आखूड, आणि पुढे पेरच नव्हते. सगळे दोर ताणून, श्वास धरून थांबले. तेवढ्यात पोढाने धोंड्याखाली पाचर ठोकली. मग ओळ आणि पाचर, ओळ आणि पाचर, असे करत धोंडा तोंडावर बसला. नागाईने चूल पेटवली आणि पहिली भाकरी थेवनाला दिली.

आजही बांधाच्या डागडुजीला दोन्ही आळ्या याच बोटांवर दगड ओढतात आणि ओळीच्या शेवटी थेवनाच्या त्या पेरापुरते गप्प राहतात. सगळे गाव एकदम गप्प राहिल्याचा दुसरा प्रसंग माझ्या पाहण्यात नाही.