उरलेलं वाक्य

“मग ती बाई खोटं बोलते का, बाबा?” मार्तंडने विचारलं.

मनोहरनाथबाबा ओसरीवर शेंगा सोलत बसले होते. त्यांनी मान वर केली नाही.

“कोणती बाई?”

“सगुणाबाई. भागू माळ्याची बायको.”

खडकाळ माळावर विहीर खणून भागूने मठासाठी फुलांचा मळा उभा केला होता. मळ्यातच त्याचं घर. यंदाच्या पावसाळ्यात तो वारला. महिना उलटतो न उलटतो तोच मठाचे कारभारी गणोजीराव यांचा सगुणाला निरोप गेला : घर मोकळं कर, तिथे धर्मशाळा बांधायची आहे.

कारभाऱ्यांना आधार होता तो बाबांच्याच वाक्याचा. ‘मठाची जमीन कुणाची नाही.’ सगळ्या गावाला ते पाठ होतं.

सगुणा म्हणत होती, वाक्य तिथे संपत नाही. विहिरीला पाणी लागलं त्या दिवशी बाबा पुढेही बोलले होते. भागूच्या घराला कुणी उठवायचं नाही, असं काहीतरी. ती स्वतः तेव्हा बाळंतपणाला माहेरी गेलेली. नवऱ्याने सांगितलं तेवढंच तिला ठाऊक.

मार्तंड बाबांचा शिष्य. त्याला आपल्या पाठांतराचा भारी अभिमान. आदल्या दिवशीच्या बैठकीत तो सगुणाच्या बाजूने उभा राहिला होता. दया, न्याय, अनाथांचा सांभाळ... एकामागून एक वचनं त्याने घडाघडा म्हटली. लोकांनी माना डोलावल्या.

मग गणोजीराव शांतपणे म्हणाले, “फार सुंदर. पण बुवा, यातलं या जमिनीबद्दल कोण बोललंय?”

मार्तंडला खाली बसावं लागलं होतं.

“बाबा, तुम्ही बोलला होतात ना पुढचं?”

“आठवत नाही.”

“नुसतं हो म्हणा. तिचं घर वाचेल.”

“आज माझ्या ‘हो’वर वाचेल. उद्या माझ्या ‘नाही’वर पडेल.”

बाबांनी पुढची शेंग उचलली.

“पहिलं अर्धं मी रोज म्हणतो, म्हणून ते आठवतं. आणि मठ माझा, जमीन मठाची. ज्या वादात मी एक बाजू, त्यात साक्षही मीच कशी देऊ?”

“मग विचारू कुणाला?”

“ज्यांनी ऐकलं त्यांना.”

मार्तंड उठला तो थेट सोनबा लोहाराकडे गेला. पाणी लागलं त्या दिवशी सोनबा विहिरीवर होता. संध्याकाळी मार्तंड धावतच परत आला.

“सोनबाने ऐकलंय, बाबा! भागूच्या घराला उठवू नका, असं तुम्ही म्हणालात!”

“तू त्याला काय विचारलंस?”

“विचारलं, की बाबा असं असं म्हणाले होते ना?”

“आणि तो?”

“हो म्हणाला.”

बाबांनी शेंगांची टरफलं सुपात भरली.

“मग बोललास तू. त्याने मान हलवली...”

त्या रात्री मार्तंड जेवला नाही. सकाळी भाकरी बांधून घेतली आणि निघाला. बाबा दारापर्यंत आले.

“तुझं वाक्य त्यांच्या तोंडात घालू नकोस,” एवढंच ते बोलले.

पाणी लागलं त्या दिवशी विहिरीवर बांगड्या विकायला आलेला इमाम मणियार आता घाटाखालच्या गावात लेकीकडे राहत होता. नजर अधू झालेली, आवाज मात्र खणखणीत.

“चाचा, आमच्या मठाच्या विहिरीला पाणी लागलं तो दिवस आठवतो का?”

“न आठवायला काय झालं? पाणी लागलं म्हणून बायका हौसेनं बांगड्या भरत होत्या. माझी पेटी रिकामी झाली त्या दिवशी.”

“बाबा तिथे होते?”

“होते. काठावर उभे होते.”

मार्तंडच्या ओठांवर पुढचा प्रश्न तयारच होता. त्याने तो गिळला.

थोड्या वेळाने म्हातारा आपणहून म्हणाला, “भागूच्या पाठीवर हात ठेवून बाबा काय बोलले माहीत आहे का? ‘मठाची जमीन कुणाची नाही. पण भागूच्या चुलीला इथून ऊठ म्हणायचा अधिकार मलासुद्धा नाही.’ मलासुद्धा नाही! मोठा माणूस. मी घरी येऊन बायकोला सांगितलं.”

मार्तंडला तिथेच नाचावंसं वाटलं. पण साक्ष एकच होती.

“आणखी कोण होतं तिथे?”

“भागूची भावजय होती की. हिरव्या बांगड्या भरल्या तिनं. नंतर काही ते लोक दिसले नाहीत.”

भागूची भावजय गिरजा. पाणी लागल्यावर थोड्याच दिवसांत भावाभावांत भांडण झालं आणि थोरला सुभान बायकोला घेऊन नदीपलीकडे निघून गेला. तो तिकडेच वारला. तेव्हापासून दोन्ही घरांत बोलणं नव्हतं.

गिरजा अंगणात ज्वारी पाखडत होती. मठाचं नाव ऐकताच तिने सूप खाली आपटलं.

“त्या सगुणाचं काही काम असलं तर आल्या वाटेने जा.”

“काकू, मी विहिरीबद्दल विचारायला आलो. पाणी लागलं त्या दिवशी तुम्ही होतात का?”

“होते का म्हणजे? मुरमाच्या टोपल्या कुणी वाहिल्या? माझ्या नवऱ्याने खडक फोडला, मी टोपल्या वाहिल्या. आणि बाबांनी नाव कुणाचं घेतलं? भागूचं! ‘मठाची जमीन कुणाची नाही, पण भागूच्या चुलीला इथून ऊठ म्हणायचा मलाही अधिकार नाही.’ भागूच्या चुलीला! आमची काय चूल नव्हती?”

ती रडायला लागली. त्या एका वाक्यावरून तिच्या नवऱ्याने गाव सोडलं होतं.

मार्तंड उभाच राहिला. क्षमेवरची कितीतरी वचनं त्याला पाठ होती. त्यातलं एकही त्याने म्हटलं नाही.

“काकू, हे बैठकीत येऊन सांगाल?”

“तिचं भलं करायला? मी नाही येणार.”

“तिचं राहू द्या. पण सुभानदादांनी खडक फोडला, हे तिथे कुणालाच ठाऊक नाही...”

गिरजाने पदराने तोंड पुसलं. “बैठक कधी आहे?” तिने विचारलं.

पौर्णिमेला बैठक भरली. मठाचं अंगण माणसांनी फुलून गेलं. बाबा गादीवर बसले होते. सगुणा खांबाला टेकून, डोक्यावरचा पदर घट्ट धरून उभी होती. तिचं निम्मं सामान आधीच बांधून झालं होतं.

मार्तंड पुढे आला.

“बाबा, या वादात मठ एक बाजू आहे. म्हणजे आपणही. आपण... गादीवरून खाली यावं.”

गणोजीराव ताडकन उठले.

“काय बोलतोस तू? कुणाला बोलतोस?”

बाबा तोवर उतरलेही होते. ते गणोजीरावांशेजारी सतरंजीवर मांडी घालून बसले.

मार्तंडने गिरजाला काही ऐकू जाऊ नये म्हणून आत, कोठीत बसवलं आणि इमामचाचाला पुढे बोलावलं. चाचाने त्या दिवसाचं सगळं सांगितलं आणि वाक्यही म्हटलं.

मग गिरजा बाहेर आली. तिने सगुणाकडे पाहिलंदेखील नाही. खणखणीत आवाजात तिने तेच वाक्य म्हटलं. तोच भागू, तीच चूल.

गणोजीराव म्हणाले, “ही तर घरचीच. सख्खी जाऊ.”

“घरची?” गिरजा कडाडली. “तिच्या दारचं पाणी प्यायले नाही मी इतकी वर्षं! हे वाक्य खोटं ठरलं असतं ना, तर सगळ्यांत जास्त मला आनंद झाला असता.”

गणोजीरावांनी मान खाली घातली.

आता बाबांनीच विचारलं, “मी विहिरीपुरतं बोललो असेन, बाई. घराचं त्यात काय?”

“विहिरीत चूल मांडतात का, बाबा?”

अंगणभर हशा उसळला. बाबा स्वतः सगळ्यांत मोठ्याने हसले. मग उठून उभे राहिले.

“मला अजूनही आठवत नाही,” ते म्हणाले. “पण मी असं म्हणालो, हे खरं.”

गणोजीरावांनी सगुणाकडे पाहिलं. मग म्हणाले, “धर्मशाळा ओढ्याकडे बांधू.”

एकच जल्लोष झाला. कुणीतरी मठाची घंटा वाजवायला धावलं. सगुणा खांबाला धरून खाली बसली आणि हुंदके देऊ लागली. मग डोळे पुसून उठली, तांब्याभर पाणी आणलं आणि गिरजासमोर धरलं. गिरजाने तोंड फिरवलं... पण तांब्या घेतला. घटाघटा प्यायली.

बाबा गिरजाजवळ आले.

“तुझ्या मालकांचं नाव सुभान ना? त्या दिवशी मी ते घ्यायला हवं होतं.”

मग लोकांकडे वळून मोठ्याने म्हणाले, “ही विहीर सुभानने आणि भागूने खणली. गिरजाने टोपल्या वाहिल्या. ऐकलंत सगळ्यांनी?”

“ऐकलं!” अंगण दणाणलं.

मार्तंडला काय करावं कळेना. आनंदाने त्याचे डोळे भरून आले होते. त्याने बाबांचा हात धरला आणि त्यांना गादीकडे नेऊ लागला.

बाबांनी हात सोडवून घेतला आणि पुन्हा सतरंजीवर, माणसांच्या दाटीत, बसकण मारली.

“राहू दे रे. इथून नीट ऐकू येतं.”