चार दिवस उशिरा, पण अचूक

दोन चंद्रांच्या देशात एकदा एक वृद्ध कालगणक राहत असे. लोक त्याला आचार्य म्हणत. त्या देशात थोरल्या चंद्राच्या फेरीवरून महिना ठरे आणि धाकट्या चंद्राच्या फेरीवरून नवडा, म्हणजे नऊ दिवसांचा आठवडा. मीठवारी बाजार भरे, चाकवारी कुंभार आपल्या चाकाला विश्रांती देत आणि राखवारी नवरा-बायकोने भांडू नये असा नियम होता. तो फारसा कोणी पाळत नसे.

आचार्यांचा शिष्य चिरंतन अतिशय बुद्धिमान होता आणि ही गोष्ट त्याला स्वतःलाही ठाऊक होती. दोन्ही चंद्रांचा तीन वर्षे वेध घेऊन त्याने शोधून काढले, की पूर्वजांनी वर्ष किंचित आखूड धरले आहे. त्यामुळे देशाचे पंचांग आकाशाच्या चार दिवस पुढे गेले आहे.

आचार्यांनी गणित दोनदा तपासले. "बरोबर आहे तुझं," ते म्हणाले आणि शेवटच्या पानावर 'शुद्ध' असा शेरा मारून त्यांनी खाली सही केली.

"मग उद्याच दवंडी पिटू या!"

"घाई काय आहे? चुकीचं पंचांग तीनशे वर्षं चाललंय. अजून थोडं चालेल."

चिरंतनला हे मुळीच पटले नाही. देश चुकतो तर चुकू दे, आपण सत्यानेच चालायचे, असा त्याने निश्चय केला. त्याच्या मीठवारी तो पिशवी घेऊन बाजारात जाई, तेव्हा तिथे दोन शेळ्या आणि कोबीची वाळलेली पाने असत. गाव सणाचे गोडधोड खाई तेव्हा याचा उपवास असे, आणि याचा सण उजाडे तेव्हा शेजाऱ्यांकडे शिळेसुद्धा उरलेले नसे.

अशातच त्याचे लग्न ठरले. नदीपलीकडच्या कुंभाराची मुलगी तरला. तिथी निघाली वसंतातली पाचवी. कोणत्या पंचांगाची पाचवी, हे विचारायचे कोणालाच सुचले नाही.

गावाच्या पाचवीला सकाळी आचार्य नवे उपरणे घेऊन दारात हजर.

"चल, लग्न आहे तुझं."

"आचार्य, आज पहिली आहे. लग्न पाचवीला."

"आज पहिलीच आहे. चल लवकर, लोक खोळंबतील."

"आपणच तर 'शुद्ध' म्हणून लिहून दिलंत!"

"दिलं ना. आजही देईन. फेटा कुठे आहे तुझा?"

वयामुळे आचार्यांचे भान सुटू लागले असावे, असे समजून चिरंतनने त्यांना आदराने सरबत पाजले आणि दार लावून घेतले. आचार्य एकटेच नदीकडे निघाले.

चार दिवसांनी, आपल्या पाचवीला, चिरंतन फेटा बांधून कुंभाराच्या दारात उभा राहिला. मांडव नव्हता. तरला चाकापाशी बसली होती, हात कोपरापर्यंत मातीने भरलेले.

"लग्नाला आलो," तो म्हणाला.

"कोणाच्या?"

त्याने आपल्या गणिताची पोथी पुढे केली. तिने ती घेतली नाही. "दोनशे माणसं आली होती. तुमच्या आचार्यांनी सगळ्यांसमोर हात जोडले. म्हणाले, मुलगा चांगला आहे, फक्त चार दिवसांनी येईल. मी हळद लावून दिवसभर नदीकडे बघत बसले होते. तुमचं गणित चुकलं नाही, हे त्यांनी सांगितलं मला. पण मग माझं काय चुकलं होतं?"

पुढे केलेली पोथी त्याने मागे घेतली. चिरंतन मान खाली घालून मागच्या अंगणात गेला. तिथे आचार्य धोतर खोचून माती तुडवत होते. झाल्या गोष्टीची भरपाई म्हणून ते चार दिवस तिथेच राहिले होते.

"आपण मला ओढून का नाही आणलंत?"

"ओढून आणलेला नवरदेव कोणाला हवा असतो?"

"पण सत्य ठाऊक असून आपण चुकीच्या दिवशी आलात कसे?"

आचार्य थांबले. "अरे, तुझं गणित आकाशाशी जुळतं, यात शंका नाही. पण आकाश काही पंगतीला येणार नव्हतं. चंद्रांना फिरायला पंचांग लागत नाही. ते माणसांना लागतं, एकमेकांना भेटायला. पाचवी म्हणजे सगळ्यांनी मिळून दिलेला शब्द. तो आकाशाच्या पुढे गेला असेल, तर सगळ्यांना सोबत घेऊन मागे यायचं. तू एकटाच बरोबर जागी जाऊन बसलास, तर तिथे तुला भेटणार कोण?"

"मग चूक तशीच ठेवायची?"

"छे! पुढची चार वर्षं वर्षअखेरीला एकेक दिवस जास्तीचा घालू. त्या दिवशी सुट्टी. सुट्टीला आजवर कोणी हरकत घेतलेली नाही."

चिरंतनने फेटा सोडला आणि तो आचार्यांशेजारी मातीत उतरला. संध्याकाळी तरला येऊन म्हणाली, "उद्या भट्टी लावतोय. ती निवून उघडेल, त्या दिवशी लग्न."

"कधी उघ..." एवढे म्हणून चिरंतनने ओठ मिटले आणि तो माती तुडवू लागला.

भट्टी सातव्या दिवशी उघडली. शेजारी एकदा जेवून गेले होते, तरी पुन्हा जेवायला कुरकुर न करता आले. लग्न लागले. नोंदवहीत तिथी लिहायची वेळ आली, तेव्हा चिरंतनने लेखणी हातात घेऊन तरलाकडे पाहिले. तिने शेजारणीला विचारले, शेजारणीने मागे विचारले, तिघीचौघींनी बोटांवर मोजून आपसांत ठरवले.

"सोळावी," तरला म्हणाली.

आकाशाच्या हिशेबाने ती बारावी होती. चिरंतनने वळणदार अक्षरात लिहिले, सोळावी.