पहिली ओळ

वाघाचं राज्य संपलं, त्या काळची गोष्ट. तळं आता सगळ्यांचं झालं होतं, म्हणून त्याचे कायदे लिहायला जनावरं काठावर जमली. म्हातारं कासव ओल्या चिखलात नखाने लिहू लागलं, 'आम्ही हत्ती, मोर, डुक्कर, बगळा हे कायदे करतो.'

मोराचा पिसारा ताठ झाला. "हत्ती पहिला? का, सगळ्यात जास्त पाणी पितो म्हणून?"

"आणि हा नाचरा माझ्या शेजारी कशाला?" हत्ती म्हणाला.

डुकराला बगळ्याचं नाव खुपलं, बगळ्याला डुकराचं. दिवस कलला तरी दुसरी ओळ सुरू होईना. कासव वैतागलं. "ज्याला जे नाव खुपतंय, ते त्याने खुशाल पुसावं. फक्त तिथे स्वतःचं लिहायचं नाही."

सगळे तुटून पडले. मोराने हत्ती पुसला, हत्तीने मोर. डुकराने बगळा पुसला, बगळ्याने डुक्कर. आपलं नाव गेल्याचं दुःख कुणालाच नव्हतं. दुसऱ्याचं गेलं, यातच सगळे खूश.

कासवाने उरलेली ओळ वाचली, "आम्ही हे कायदे करतो."

ती एकमताने मंजूर झाली. 'आम्ही' म्हणजे फक्त आपणच, अशी प्रत्येकाची मनोमन खात्री होती.