सात ओळींवरचा हरताळ

“पण गुरुजी, या सात ओळी इथे आल्याच कशा?”

अच्युतशास्त्री बोरूला टोक काढत होते. त्यांनी मान वर केली नाही.

विचारणारा त्रिविक्रम. प्रवरेकाठच्या या पाठशाळेत बारा वर्षं संस्कृत कथांच्या पोथ्या शिकलेला. पोरगा हुशार, त्यात वाद नाही. पण हुशारी अंगात मावत नव्हती, तेही खरंच. उद्या तो पैठणच्या पंडितसभेला निघणार होता, आणि पाठशाळेची जुनी कथापोथी गुरुजी त्याच्याच हाती देणार होते. ती निर्दोष करूनच न्यायची, असा त्याचा हट्ट.

पुढ्यातल्या वाटीत हरताळ खलून तयार होता. पोथीतली चुकलेली ओळ या पिवळ्या लेपाने झाकून टाकतात.

“अक्षर निराळं आहे,” त्रिविक्रम म्हणाला. “वृत्त दोनदा लंगडतं. मी पाच पोथ्या ताडून पाहिल्या, एकीतही या ओळी नाहीत. कुणा अडाणी लेखकाने मागाहून घुसडल्यात.”

“असेल.”

“मग पुसू?”

“पूस की. आपली रीत ठाऊक आहे ना?”

त्रिविक्रमने तोंड वाकडं केलं. रीत ठाऊक होतीच. या पाठशाळेत ओळी पुसायच्या, तर ती गोष्ट आधी त्या ओळी वगळून बाहेरच्या माणसाला सांगायची. तीही मराठीत, त्याला समजेल अशी.

“आता भर दुपारी कुणाला धरून आणू?”

“धरायचं कशाला? ही बघ, येसाई आलीच.”

येसाई तेलीण दर पंधरवड्याला शाईसाठी काजळी घेऊन यायची. तिचा एकुलता एक मुलगा तीन वर्षांमागे व्यापाऱ्यांच्या तांड्याबरोबर दक्षिणेला गेला, तो गेलाच. निरोप नाही, काही नाही. गावात सगळ्यांना माहीत होतं आणि तिच्यासमोर कुणी विषय काढत नसे.

“येसाई, हा एक गोष्ट सांगतोय. ऐकतेस?”

“ऐकते की. तेवढीच पाठ टेकते.”

काजळीचं मडकं उतरवून ती ओसरीच्या खांबाला टेकली.

त्रिविक्रमने गोष्ट झरझर सांगितली. हरणांचा एक कळप होता. नदीपलीकडे हिरवा चारा दिसत होता, पण म्होरक्या म्हणाला, आभाळ भरलंय, आज कुणी पाण्यात उतरायचं नाही. एका पाडसाने ऐकलं नाही. ते एकटंच पलीकडे गेलं आणि मागून पूर आला. कळप अलीकडे राहिला, पाडस पलीकडे.

“म्हणून थोरांचं ऐकावं. झाली गोष्ट.”

“झाली?”

“झाली.”

येसाई उठली नाही.

“आणि ते पाडस?”

“ते... ते राहिलं पलीकडे.”

“एकलंच?”

त्रिविक्रमने गुरुजींकडे पाहिलं. गुरुजी बोरू तासत होते. इतकं तासण्यासारखं त्या बोरूत काय उरलं होतं, देव जाणे.

...

“एकलं नाही,” त्रिविक्रम हळूच म्हणाला. “पलीकडे एक आंधळी रानम्हैस होती. पाडस तिला पाणवठ्यावर न्यायचं, आणि थंडीत ती त्याला पोटाशी घेऊन निजायची.”

त्याच त्या सात ओळी.

“बरं झालं बाई,” येसाई म्हणाली. “कुणी तरी भेटलं त्याला.”

मडक्यावरच्या फडक्याची गाठ ती उगाचच सोडत-बांधत राहिली.

“मग आलं का परत?”

याच्यापुढे पोथीत काहीच नव्हतं. त्या सात ओळींतही नव्हतं. सहाही पोथ्या त्रिविक्रमला तोंडपाठ होत्या, पण येसाई त्याच्या तोंडाकडे पाहत होती.

“आलं,” तो म्हणाला.

“कवा?”

“उन्हाळ्यात, नदी आटल्यावर. शिंगं फुटली होती तोवर. तरी आईने लांबूनच ओळखलं.”

“वळखणारच. आई हाय ती.”

येसाईने डोळ्यांना पदर लावला आणि उठली. जाता जाता पायरीवर थांबली.

“चांगली सांगतोस रे लेकरा. शास्त्रीबाबांवर गेलास.”

मग ती निघून गेली.

...

“गुरुजी, मी खोटं बोललो.”

शास्त्रींनी बोरू शाईत बुडवला आणि त्याच्यापुढे धरला.

“सातव्या ओळीखाली जागा आहे.”

“मी लिहू? या पोथीत?”

“तिला सांगितलंस तसंच लिही.”

त्रिविक्रम लिहायला बसला. दोन ओळी लिहून त्याने परत वाचल्या आणि कपाळाला हात लावला.

“वृत्त चुकलं, गुरुजी.”

“त्या सात ओळी लिहिणाऱ्याचंही चुकलं होतं.”

शाई वाळेपर्यंत शास्त्री त्याच्या पाठीवर हात ठेवून बसून राहिले. मग त्यांनी पोथी रुमालात बांधली आणि त्याच्या मांडीवर ठेवली. पोरगा उद्या जाणार म्हणून त्यांना वाईट वाटत होतं, आणि ते लपवायला त्यांना जमत नव्हतं.

त्रिविक्रम हरताळाची वाटी फेकून द्यायला उठला.

“अरे, राहू दे,” शास्त्री म्हणाले. “झाकून ठेव. पुढे येईल एखादा हुशार, त्याला लागेल.”