बुरुजाला दिलेलं आवतण

फार फार जुनी गोष्ट. इतकी जुनी, की तिच्यातल्या राज्याचं नाव सांगणारं आता कुणी उरलेलं नाही. ते राज्य इतकं बलाढ्य होतं, की तिथल्या राजाला आपल्या सीमेवर शत्रू सापडेनासे झाले. मग तो त्यांना दूरदेशी शोधायला लागला.

त्याच्या फौजा डोंगर ओलांडून, नद्या ओलांडून जात. जिथे जात तिथे एक दगडी बुरूज बांधत, त्यावर तोफ चढवत आणि खालच्या लोकांना सांगत, "घाबरू नका. आम्ही तुमच्या रक्षणासाठी आलो आहोत." असे बुरूज किती झाले, हे राजालाही धड ठाऊक नव्हतं. राजधानीतले पूल खचले, धर्मशाळांची छपरं गळायला लागली, पण बुरुजांची रसद कधी थांबली नाही.

असाच एक बुरूज माळावरच्या एका लहानशा गावाच्या डोक्यावर उभा होता. खरं सांगायचं तर तो बांधताना गावानेच दगड वाहिले होते. त्याआधी लुटारूंनी गावाला सळो की पळो करून सोडलं होतं. फौज आली, लुटारू पळाले, आणि गावातल्या बायकांनी शिपायांना ओवाळलं. लुटारू पुन्हा कधी फिरकले नाहीत. बुरूज मात्र तिथेच राहिला.

ओवाळणाऱ्या बायकांत धुरपा होती. तेव्हा तिचा नवरा धडधाकट होता. पुढे तो तापाने गेला, त्याच साली जोडीतला एक बैल गेला, आणि धुरपाच्या पदरात एक लेक आणि ओढ्याकाठचं शेत तेवढं उरलं. जमीन चांगली काळीभोर होती. पण एका बैलावर नांगर चालत नाही. शेत पडीक राहिलं, त्यात हरळी शिरली, आणि हरळीने एकदा खोल मूळ धरलं की तिथे पुन्हा दाणा पिकवणं कठीण. या खेपेला नांगरट झाली नाही, तर मायलेकींना गाव सोडून दुसऱ्याच्या दारात उभं राहावं लागणार होतं.

अशा वेळेसाठी त्या गावात एक रीत होती. तिला इर्जिक म्हणत. ज्याचं शेत अडलं त्याने गावाला बोलवायचं. साऱ्या गावाने आपापले बैल आणि नांगर घेऊन भल्या सकाळी त्याच्या शेतावर जायचं, दिवसभरात शेत नांगरून द्यायचं आणि तिथेच पोटभर जेवायचं. मजुरीचं नाव नाही, उपकाराची भाषा नाही. ज्यांचं आपसात बोलणंही बंद असे, ते त्या दिवशी शेजारी शेजारी नांगर धरत.

इर्जिकीचं आवतण मालकाने स्वतः जाऊन द्यायचं असे. ज्याला बोलवायचं त्याच्या हातावर गुळाचा खडा ठेवायचा. आणि आपलं शेत ज्याच्या ज्याच्या दारातून दिसतं, त्यातल्या कुणालाही वगळायचं नाही, हा त्यातला मोठा नेम होता.

धुरपा घरोघर फिरली. सगळ्यात शेवटी ती गोंदाच्या ओट्यापाशी आली आणि घुटमळली. गोंदा तिचा शेजारी. बांधावरून त्याचं आणि तिच्या नवऱ्याचं हाडवैर होतं. पण गोंदाने स्वतःच हात पुढे केला.

"वैनी, भांडान त्याच्यासंगं हुतं, शेतासंगं न्हाई," तो म्हणाला. "आन् म्होरला नांगर माझा ऱ्हाईल, आत्ताच सांगून ठिवतो."

धुरपाला रडू आलं. ते लपवायला ती वळली, आणि समोर टेकडीवर तिला बुरूज दिसला.

"आये, तिकडं कशाला?" लेकीने तिचा हात धरला. "ती काय आपली माणसं हाईत?"

"आपलं शेत दिसतंय न्हवं त्यास्नी?" धुरपा म्हणाली. "मंग बलवायचं. वगळलं तर बरं दिसंल का?"

ती टेकडी चढून गेली. इतक्या वर्षांत गावातलं कुणी त्या दारापर्यंत गेलं नव्हतं आणि आतलं कुणी खाली उतरलं नव्हतं. रसद मागच्या वाटेने येई. धुरपाने दार वाजवलं, तेव्हा आत चांगलीच पळापळ झाली.

बुरुजाचा नाईक बाहेर आला. हा माणूस दुष्ट नव्हता, हे आधीच सांगून टाकतो. कारण गोष्टीत असा कुणी आला की आपण लगेच त्याला शिंगं लावून मोकळे होतो. घरी त्याची आई होती, तिची त्याला आठवण येई. पण तो ज्या नगरात वाढला, तिथे शेतं पैसे मोजून नांगरून घेत. चार माणसं एकत्र आली, तर ती एक तर राजाच्या हुकमाने येत, नाहीतर भांडायला. शिवाय बुरुजावरच्या नोकरीत, सारं शांत आहे असं कळवणाऱ्याला कधी कुणी शाबासकी दिली नव्हती. ज्याला धोका दिसला त्यालाच मान मिळे.

"उद्या माझ्या शेतात इर्जिक हाय," धुरपा म्हणाली आणि तिने गुळाचा खडा पुढे केला. "तुमी समद्यांनी यायचं."

"किती माणसं येणार?" नाईकाने विचारलं.

"सारं गाव येतंय."

"आणि बरोबर काय आणणार?"

"नांगर, बैलं. हलगीवालं बी हाईत. हलगी वाजल्याबिगर बैलास्नी चेव येत न्हाई."

"हे सगळं तुझ्या एकटीच्या शेतासाठी? तू त्यांना काय देणार?"

"जेवाण," धुरपा म्हणाली. मग तिला आठवलं की विचारायचं राहूनच गेलं. "तुमी आत किती जन हाय? खरं सांगा बरं. म्हंजी तेवढ्या भाकरी वाढवून घालती."

नाईकाचा चेहरा बदलला. त्याने गूळ घेतला, मान हलवली आणि दार लावून घेतलं. धुरपा हलक्या मनाने टेकडी उतरली. मोठी माणसं अबोल असतात, असं तिने लेकीला सांगितलं.

दारामागे काय बोलणं झालं, ते तिला फार नंतर कळलं. नाईकाने गूळ आधी कोंबडीला घालून पाहिला. कोंबडीला काही झालं नाही, तरी त्याने उरलेला गूळ कड्यावरून खाली फेकला. मग त्याने शिपायांना जमवलं. "सारं गाव एका जागी येणार आहे," तो म्हणाला. "हातात लोखंड असणार आहे आणि पुढे वाद्य वाजणार आहे. आणि आज ती बाई आपण किती आहोत हे मोजायला आली होती." एक वयस्क शिपाई चाचरत म्हणाला, "खाली जाऊन विचारून यायचं का?" नाईक म्हणाला, "खाली उतरायचं नाही, असा हुकूम आहे." तो हुकूम खराच होता.

दुसऱ्या दिवशी उजाडता उजाडता गाव निघालं. पुढे हलगी, मागे बैलांची रांग, बैलांच्या शिंगांना गोंडे. गोंदाने शब्द पाळला होता, त्याची जोडी सगळ्यांत पुढे होती. नांगरांचे फाळ घासूनपुसून लखलखीत केले होते आणि उन्हात ते दुरूनही चमकत होते. धुरपा ओढ्याकाठी चुलीपाशी बसली होती. तिने एक वेगळी टोपली भरून फडक्याने झाकून ठेवली होती. गोंदाने पहिलं तास धरलं, नांगराची पहिली रेघ मातीत उमटली. हरळीची मुळं तटातट तुटल्याचा आवाज आला आणि धुरपाला वाटलं, आता आपण जगलो.

तेवढ्यात बुरुजावरची तोफ उडाली.

धुरपाने आधी आभाळाकडे पाहिलं. आभाळ स्वच्छ होतं. मग दुसऱ्यांदा आवाज झाला, आणि ओढ्याच्या अलीकडे माती, बैल, माणसं काही वेगळं ओळखू येईना. माणसं जिकडे वाट फुटेल तिकडे पळाली. बैलांना पळता आलं नाही, ते जुवाला जखडलेले होते. धूर खाली बसला तेव्हा गोंदा नांगराशेजारी पालथा पडला होता. हलगीवाल्याची हलगी दूर जाऊन पडली होती. आणखी कोण कोण पडलं होतं, ते सांगायला माझी जीभ रेटत नाही.

मग मात्र नाईक शिपायांना घेऊन खाली उतरला. तो सगळीकडे भाले शोधत फिरला. त्याला फाळ सापडले, जू सापडलं, आसूड सापडला. चुलीपाशी येऊन त्याने टोपलीवरचं फडकं उचललं. आत भाकरी होत्या.

"या कुणाच्या?" त्याने विचारलं.

"तुमच्या," धुरपा म्हणाली.

राजधानीत खबर पोचली त्या दिवशी नगारे वाजले, शत्रूचं मोठं सैन्य कापून काढलं म्हणून साखर वाटली. खरी हकीकत पोचली, तेव्हा साखर खाऊन झाली होती. मग एक मंत्री शालजोडी आणि नवी बैलजोडी घेऊन गावात आला. नाईकाला शिक्षा झाली नाही, त्याला दुसऱ्या बुरुजावर धाडलं. मंत्री गोड बोलणारा होता. "चूक झाली," तो म्हणाला. "पण आमचा हेतू चांगला होता, हे ध्यानात घ्या."

धुरपाने शालीला हात लावला नाही. ती म्हणाली, "सायेब, बुरुजावनं माझं शेत दिसतं. हाक मारली तर ऐकू बी येती. मंग खाली येऊन कुनी इचारलं का न्हाई?"

मंत्र्याला या प्रश्नाचं नवल वाटलं. "बाई, खाली धोका असतो," तो म्हणाला, आणि गावाच्या रक्षणासाठी बुरुजावर आणखी एक तोफ चढवायला सांगून निघून गेला.

त्या दिवसापासून गावाने एकत्र यायचं सोडलं. लग्नं चार माणसांत लागायला लागली. मयताला लोक वेगवेगळ्या वाटांनी जात. कुणाचं शेत अडलं तर अडलं. नवी बैलजोडी दावणीला उभी होती, पण त्या शेतात नांगर धरायला माणूस मिळेना. धुरपालाही ते बैल बघवत नव्हते. एके दिवशी तिने त्यांचं दावं सोडून दिलं. लेक परगावी मजुरीला गेली. हरळीने सगळं शेत झाकलं आणि त्या दिवशी धरलेलं पहिलं तासही दिसेनासं झालं.

जमत होती ती फक्त तरणी पोरं. बुरुजावरून न दिसणाऱ्या घळीत ती जमत, आणि त्यांच्यात पुढे होता गोंदाचा मुलगा भिवा. नाईकाने ज्याची भीती घेतली होती, ते सैन्य आता खरोखर उभं राहिलं. रसदीच्या वाटेवर शिपाई मरायला लागले, बदल्यात गावातली घरं जळायला लागली. त्या वयस्क शिपायाला पोरांनी वाटेवरून पकडून आणलं होतं. दारामागचं बोलणं धुरपाला त्याच्याच तोंडून कळलं. भिवाच्या पोरांनी त्यालाही सोडलं नाही.

असं बरीच वर्षं चाललं. मग तो राजा मेला. नवा राजा म्हणाला, "इतक्या लांब आपलं काय काम आहे?" एका सकाळी गाव उठलं, तर बुरूज रिकामा होता. शिपाई कुणाला न सांगता निघून गेले होते. तोफा जड म्हणून तिथेच टाकल्या होत्या.

गावाला वाटलं, भिवाची माणसं आता बुरूज पाडणार. ती वर चढली, पण बुरूज काही पडला नाही. वरून गाव फार नीट दिसतं, असं भिवा म्हणाला, आणि गावाचं रक्षण कुणीतरी करायलाच हवं.

धुरपा आता म्हातारी झाली होती. तिने विचार केला, वर आता आपली पोरं आहेत. मरायच्या आधी शेत एकदा नांगरून काळं झालेलं पाहावं, लेकीला परत बोलवावं. तिने गुळाचा खडा घेतला. थांबत, धापा टाकत ती टेकडी चढली आणि दार वाजवलं.

भिवा बाहेर आला. त्याच्या दाढीत पांढरे केस दिसत होते. चेहरा गोंदाचाच होता.

"उद्या इर्जिक घालीन म्हनते, पोरा," ती म्हणाली.

भिवाने तिच्या खांद्यावरून खाली गावाकडे पाहिलं. मग त्याने विचारलं, "काकी, किती माणसं येनार?"

धुरपाचा गूळ धरलेला हात पुढे येता येता थांबला.

"आन् संगं काय काय आननार?"

आत किती जण आहेत, किती भाकरी घालू, हे तिने या खेपेला विचारलं नाही. गुळाचा खडा मुठीत तसाच धरून ती टेकडी उतरली. त्या गावात पुन्हा इर्जिक झाली नाही. लेक परतली नाही, आणि ओढ्याकाठची ती काळी जमीन अजूनही हरळीखालीच आहे, असं सांगतात.

तात्पर्य : जो उंचावर बसून धाकाने राखण करतो आणि खाली उतरून विचारत नाही, त्याला आधी नसलेला शत्रू दिसतो, मग तो खरोखरच उभा राहतो.